बास्क निर्वासितांचा नाच आणि गाणी, १९३६ ते १९३९: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पांढरा सदरा, पांढरी विजार, डोक्यावर लाल बेरे टोपी, कमरेला लाल शेला आणि पोटऱ्यांना बांधलेली घुंगरं. बास्क नर्तकांचं हे रूप आता बऱ्याच जणांनी कुठे ना कुठे पाहिलेलं असतं. स्पेनच्या यादवी युद्धात घरदार सोडून पळावं लागलेल्या माणसांनी आणि लहान मुलांनी हाच नाच पॅरिस, ब्रसेल्स, लंडनच्या रंगमंचांवर नेला, हे मात्र फार थोड्यांना ठाऊक असतं. त्याविषयी जे प्रश्न पुन्हा पुन्हा कानावर येतात, त्यांची उत्तरं इथे दिली आहेत.

बास्क लोक कोण, आणि त्यांच्यावर नेमकं काय ओढवलं?

पिरेनीज डोंगरांच्या पश्चिम टोकाला, स्पेन आणि फ्रान्सच्या सीमेच्या दोन्ही अंगांना बास्क मुलूख पसरलेला आहे. त्यांची भाषा एउस्कारा. युरोपातल्या दुसऱ्या कुठल्याही भाषेशी तिचं नातं जुळत नाही.

जुलै १९३६ मध्ये फ्रँको आणि इतर सेनापतींनी स्पेनच्या प्रजासत्ताकाविरुद्ध उठाव केला. ऑक्टोबरमध्ये बास्क प्रांतांना स्वायत्तता मिळाली. ७ ऑक्टोबर १९३६ ला होसे आंतोनियो आगिरे यांनी गेर्निका गावातल्या ओक झाडाखाली अध्यक्षपदाची शपथ घेतली. हे सरकार आपल्या भूमीवर जेमतेम नऊ महिने टिकलं. ३१ मार्च १९३७ ला दुरांगोवर बॉम्ब पडले. २६ एप्रिलला, सोमवारी, बाजाराच्या दिवशी जर्मन आणि इटालियन विमानांनी गेर्निका जाळलं. १९ जूनला बिल्बाओ हे बास्कांचं मोठं शहर पडलं. त्यानंतर सरकार, सैनिक, बायका, मुलं, पाद्री, शिक्षक, वादक असे सगळेच देशोधडीला लागले.

युद्ध हरत चाललेल्या सरकारला नाचगाण्याचं पथक काढणं कसं सुचलं?

हा प्रश्न सगळ्यात जास्त विचारला जातो आणि त्यात थोडी शंकाही असते. माणसं मरत असताना नाच कसला? उत्तर समजायला त्या वेळची प्रचाराची लढाई पाहावी लागते.

गेर्निका बेचिराख झाल्यावर फ्रँकोच्या बाजूने जगाला सांगितलं गेलं की गाव बास्कांनी स्वतःच पेटवलं. फ्रँकोची मंडळी आपल्या युद्धाला धर्मयुद्ध म्हणत होती, आणि समोरचे सगळे देवाधर्माचे शत्रू, चर्च जाळणारे, असं चित्र रंगवत होती. १ जुलै १९३७ ला स्पेनच्या बहुतेक बिशपांनी फ्रँकोच्या पाठिंब्याचं सामुदायिक पत्र काढलं. व्हितोरियाचे बिशप मातेओ मुगिका यांनी त्यावर सही केली नाही. बास्कांची पंचाईत इथे होती. त्यांच्यातला सगळ्यात मोठा पक्ष कट्टर कॅथलिक होता, तरीही तो प्रजासत्ताकाच्या बाजूने लढत होता. फ्रँकोच्या फौजेने डझनाहून अधिक बास्क पाद्र्यांना गोळ्या घातल्या होत्या. बास्क साहित्य-संस्कृतीच्या चळवळीतला मोठा कार्यकर्ता, ‘आइत्सोल’ या नावाने लिहिणारा पाद्री होसे आरिस्तिमुन्यो, ऑक्टोबर १९३६ मध्येच असा मारला गेला. कवी लाउआशेता गेर्निकाचे अवशेष एका फ्रेंच पत्रकाराला दाखवायला गेला असताना पकडला गेला. जून १९३७ मध्ये त्यालाही गोळ्या घालण्यात आल्या.

हे सगळं पॅरिसच्या किंवा लंडनच्या माणसापर्यंत पोहोचवायचं कसं? पत्रकं निघत होती, पण पत्रकं दोन्ही बाजूंची निघत होती. आगिरे यांनी ओळखलं की रंगमंचावर उभं राहून चार सुरांत गाणारी, भजनाइतक्याच भक्तीने चर्चमधली गीतं म्हणणारी आणि शेकडो वर्षांचे नाच अचूक पावलांनी नाचणारी माणसं दिसली, तर ‘रानटी लाल टोळ्या’ हा आरोप ऐकणाऱ्याच्या मनातून आपोआप गळून पडेल. त्यांच्याकडे भूमी उरली नव्हती, सैन्य उरत नव्हतं. गाणारे गळे मात्र होते. मला हा निर्णय त्या सरकारच्या सगळ्यात शहाण्या निर्णयांपैकी एक वाटतो. नाच ही फुरसतीची गोष्ट मानणाऱ्यांनी तो नीट पाहावा.

एरेसोइंका हे पथक काय होतं? त्यात कोण होते?

आगिरे यांनी १९३७ च्या उन्हाळ्यात गायनदिग्दर्शक गाब्रिएल ओलाइसोला यांच्यावर पथक उभं करायची जबाबदारी सोपवली. फ्रान्सच्या हद्दीतल्या लापुर्दी प्रांतात सारा नावाचं डोंगराच्या कुशीतलं गाव आहे. तिथे सगळे जमले आणि तालमी सुरू झाल्या. नाचाची बाजू हेसुस लुइसा एस्नाओला यांनी सांभाळली. चित्रकार होसे मारिया उसेलाइ यांचा या सगळ्यात मोठा हात होता. त्याच वर्षी पॅरिसच्या आंतरराष्ट्रीय प्रदर्शनात, जिथे पिकासोचं गेर्निकावरचं चित्र पहिल्यांदा लागलं त्या स्पॅनिश दालनात, बास्क विभागाची मांडणी उसेलाइ यांनीच केली होती. पथकाचे पडदे आणि पोशाख चित्रकारांच्या हातचे होते. त्यामुळे कार्यक्रम दानपेटी फिरवणाऱ्या निर्वासितांचा न वाटता तयारीच्या कलावंतांचा वाटला.

पहिला मोठा प्रयोग डिसेंबर १९३७ मध्ये पॅरिसच्या साल प्लेयेल सभागृहात झाला. त्यानंतर बेल्जियम, नेदरलँड्स, लंडन आणि पुन्हा फ्रान्स.

सदस्यांतली काही नावं पुढे जगाला माहीत झाली. सोप्रानो पेपिता एम्बिल ही ऑपेरा गायक प्लासिदो डोमिंगो याची आई. इरुनचा तरुण लुइस मारियानो १९४५ नंतर पॅरिसच्या ऑपेरेटा रंगभूमीचा लाडका नायक झाला. संगीताची बाजू सांभाळणारे एन्रिके होर्दा पुढे १९५४ ते १९६३ या काळात सॅन फ्रान्सिस्कोच्या सिंफनी वाद्यवृंदाचे संचालक होते. बाकीच्यांची नावं मात्र लोकांच्या स्मरणात नाहीत.

गेर्निकाची मुलंही नाचत होती, हे खरं का?

खरं आहे. सेगुंदो ओलाएता हे गेर्निकाचे. नाच शिकवणारे आणि स्वतः वादक. त्यांनी १९२७ मध्ये गावातल्या मुलामुलींचं एलाइ-आलाइ नावाचं पथक सुरू केलं. म्हणजे बॉम्ब पडायच्या दहा वर्षं आधीपासून ही मुलं नाचत होती. गाव जळाल्यावर ओलाएता फ्रान्सला गेले आणि विखुरलेली मुलं पुन्हा गोळा करून त्यांनी पथक उभं केलं. फ्रान्समधल्या प्रेक्षकांनी त्या गावाचं नाव वर्तमानपत्रांत वाचलेलं होतं. आता त्या गावाची मुलं समोर उभी होती, हातात वेताची कडी आणि काठ्या घेऊन.

ओलाएता यांनी पुढची कितीतरी वर्षं फ्रान्सच्या बास्क भागात, बियारित्सच्या परिसरात, शिकवण्याचं काम चालू ठेवलं.

इंग्लंडला गेलेल्या मुलांचं काय?

२१ मे १९३७ ला ‘हबाना’ हे जहाज बिल्बाओजवळच्या सांतुर्त्सी बंदरातून निघालं. त्यावर जवळजवळ ४,००० मुलं होती, सोबत शिक्षिका, मदतनीस बाया आणि काही पाद्री. जहाज एवढ्या माणसांसाठी बांधलेलंच नव्हतं. मुलं मिळेल तिथे झोपली, वादळी समुद्राने आजारी पडली. साउदॅम्प्टनला पोहोचली तेव्हा रस्तोरस्ती पताका होत्या. त्या दहा-बारा दिवसांपूर्वी झालेल्या ब्रिटनच्या राजाच्या राज्याभिषेकाच्या, अजून उतरवल्या नव्हत्या. कित्येक मुलांना त्या आपल्याच स्वागताच्या वाटल्या.

आधी ईस्टलीजवळच्या नॉर्थ स्टोनहॅम इथे शेतांत तंबू ठोकून छावणी उभारली होती. बिल्बाओ पडल्याची बातमी तिथे ध्वनिक्षेपकावरून सांगितली गेली आणि मुलांनी एकच आकांत केला. नंतर त्यांना देशभर लहान लहान वसतिगृहांत पाठवलं. या वसतिगृहांना तिथे कॉलनी म्हणत.

ब्रिटिश सरकारने या मुलांसाठी पैसा द्यायला नकार दिला होता. दर मुलामागे आठवड्याला १० शिलिंग लागत, आणि ते चर्च, कामगार संघटना, शाळा आणि सामान्य माणसांच्या वर्गणीतून उभे करायचे होते. नाच इथे उपयोगी पडला. कॉलन्यांमधून मुलांची पथकं निघाली. गावातल्या सभागृहात कार्यक्रम व्हायचा, शिक्षिका कपडे शिवायच्या, मुलं काठ्यांचा नाच, कमानींचा नाच, फितींचा नाच करायची, मग गाणी, आणि शेवटी वर्गणी. त्यातून किराणा आणि कोळसा आला. वेल्समध्ये केअरलियन इथली कॉलनी तर मुलांच्या कार्यक्रमांसाठी, त्यांच्या छापील पत्रिकेसाठी आणि फुटबॉल संघासाठीही प्रसिद्ध झाली.

एक बाब बहुतेक वेळा सुटते. बिल्बाओच्या कारखान्यांच्या वस्तीतून आलेल्या पुष्कळ मुलांच्या घरी स्पॅनिश बोलली जाई. त्यांचे वडील समाजवादी, साम्यवादी किंवा नुसतेच कामगार होते. बास्क राष्ट्रवादाशी त्यांचा संबंध असेलच असं नव्हतं. म्हणून त्यांच्या कार्यक्रमांत बास्क नाचांच्या जोडीला स्पेनच्या इतर भागांतले नाच आणि गाणीही असत. ‘बास्क मुलं’ ही ओळख त्यांतल्या काहींना परदेशात आल्यावर, नाच शिकता शिकता मिळाली.

मुलांना असं पैशासाठी नाचायला लावणं योग्य होतं का?

प्रश्न रास्त आहे आणि त्याला सरळ हो म्हणणं मला जमत नाही. आईवडिलांचा ठावठिकाणा नसलेल्या नऊ-दहा वर्षांच्या मुलीने अनोळखी लोकांपुढे हसतमुखाने नाचावं, ही अपेक्षा जड आहे. प्रेक्षकांची दया मिळवायची तर मूल गोंडसही दिसायला हवं आणि दुःखीही. या दोन्हींचा भार त्यांच्याच अंगावर पडत होता.

तरी दुसरी बाजूही खरी आहे. इंग्रजी येत नसताना, शाळा बुडालेली असताना, सामुदायिक नाच ही त्या मुलांना चांगली येणारी आणि चारचौघांत मान मिळवून देणारी गोष्ट होती. तालमीमुळे दिवसाला आकार येई. मोठ्या मुली लहानांना पावलं शिकवत. दयेच्या ताटाला हात लावण्यापेक्षा आपल्या कष्टाचं खाल्लं, ही जाणीव लहान वयातही असते. मोठ्यांना दोष द्यायचाच असेल तर तो ज्यांनी १० शिलिंग नाकारले त्यांना द्यावा, पायात घुंगरं बांधून देणाऱ्या शिक्षिकांना नको.

कार्यक्रमांत कोणते नाच असत? एखादा नीट समजावून सांगाल का?

दुरांगोच्या आसपासच्या गावांत आठ जणांचा एक नाच आहे, दांत्सारी दांत्सा. तलवारींच्या नाचांच्या घराण्यातला. त्याचे नऊ भाग असतात. सुरुवातीला निशाणवाला पुढे येतो, बाकीचे गुडघ्यांवर बसून मान खाली घालतात आणि निशाण त्यांच्या डोक्यांवरून मोठ्या वळशांनी फिरतं. मग एकेकट्याचा नाच, दोघांचा, चौघांचा. पाय डोक्याच्या वर उडवायचा, तोही कंबर न वाकवता, वरचं अंग काठीसारखं ताठ ठेवून. त्यानंतर आखूड तलवारी, मग लांब तलवारी. शेवटच्या भागात एका नर्तकाला बाकीचे आडवं उचलून डोक्याच्या वर धरतात. तो हात-पाय न हलवता पडून राहतो, पडलेल्या वीरासारखा.

हा नाच युद्धाच्या कितीतरी आधीचा आहे, जत्रेत नाचला जाणारा. पण १९३७-३८ मध्ये परदेशातल्या सभागृहात तलवारींचा नाच पाहणाऱ्याला कशाची आठवण होत असेल, ते वेगळं सांगायला नको.

याखेरीज सुबेरोआ प्रांतातल्या सोंगांच्या खेळातला नाच असे. त्यात कमरेभोवती लाकडी घोडा बांधलेला नर्तक जमिनीवर ठेवलेल्या दारूच्या पेल्यावर क्षणभर उभा राहून थेंब न सांडता उडी मारतो. मानाचा नाच म्हणजे आउरेस्कू. तो एखाद्या व्यक्तीला किंवा स्मृतीला वंदन म्हणून केला जातो, आजही लग्नांत आणि श्रद्धांजलीच्या कार्यक्रमांत.

साथीला कोणतं वाद्य असतं?

चिस्तू. तीन भोकांचा उभा पावा, दोन भोकं पुढे आणि एक मागे. तो फक्त डाव्या हाताने वाजवतात. त्याच डाव्या हाताला लहान ढोल लटकवलेला असतो आणि उजव्या हातातल्या काठीने त्यावर ताल धरतात. सूर आणि ताल एकाच माणसाकडे. निर्वासित पथकांना याचा किती आधार झाला असेल! वाद्यमेळ नको, पियानो नको, एका पिशवीत मावेल एवढ्या सामानात अख्ख्या नाचाची साथ. जिथे एक चिस्तूवाला पोहोचला, तिथे नाच उभा राहू शकला.

बास्क संगीतातला सोर्त्सिको हा ठेका पाच मात्रांचा असतो. झपताल कानात बसलेल्या श्रोत्याला तो परका वाटणार नाही, पॅरिसच्या श्रोत्याला मात्र तो चांगलाच अडखळवत असे.

सगळ्यात महत्त्वाचं गाणं कोणतं?

गेर्निकाच्या झाडावरचं, ‘गेर्निकाको आर्बोला’. होसे मारिया इपारागिरे या शाहिरी वृत्तीच्या गायकाने ते १८५३ मध्ये माद्रिदमध्ये पहिल्यांदा गायलं. याच ओक झाडाखाली पूर्वी बिस्काय प्रांताच्या सभा भरत आणि राज्यकर्ते बास्कांचे हक्क जपण्याची शपथ घेत. इपारागिरे स्वतः निम्मं आयुष्य परागंदा होता, कितीतरी वर्षं दक्षिण अमेरिकेत मेंढ्या राखत आणि गात हिंडला, १८७७ मध्ये परतला.

बॉम्बहल्ल्यात गाव गेलं, पण ते झाड आणि शेजारची सभागृहाची इमारत वाचली. त्यामुळे १९३७ नंतर त्या जुन्या गाण्याला नवा अर्थ आपसूक चिकटला. सभागृहात ते सुरू झालं की निर्वासित उभे राहत.

छावण्यांमध्येही गाणी होती का?

होती. १९३९ च्या सुरुवातीला कातालोनिया पडल्यावर लाखो माणसं फ्रान्समध्ये शिरली. फ्रेंच सरकारने त्यांना काटेरी तारांच्या छावण्यांत ठेवलं. एप्रिल १९३९ मध्ये गुर्स इथे उभारलेल्या छावणीत हजारो बास्क सैनिक होते. ही जागा बास्क मुलखापासून फार लांब नाही. चिखल इतका की पाय रुतत. त्याच चिखलात त्यांनी गाण्याची मंडळं जमवली, नाच केले, पेलोता हा भिंतीवर चेंडू मारण्याचा खेळ खेळले.

मुलांसाठीची जागा निराळी होती. दोनिबाने गारासी या फ्रान्सच्या हद्दीतल्या गावातल्या जुन्या किल्ल्यात बास्क सरकारने सुमारे ५०० मुलांची कॉलनी चालवली. तिथे शाळेबरोबर भाषा, गाणी आणि नाच हे रोजचे विषय होते.

बायकांचा सहभाग किती होता?

तलवारींचे आणि काठ्यांचे नाच परंपरेने पुरुषांचे. मुलींची पथकं युद्धापूर्वीच्या सांस्कृतिक चळवळीत निघू लागली होती. एरेसोइंकात बायका गात आणि नाचत. प्रवासी पथकांमुळे त्यांना रंगमंचावर कायमची जागा मिळाली, असं म्हणता येईल.

म्हणजे परदेशात गेल्यावर नाच बदलला?

बदलला, आणि हे मान्य करायला संकोच वाटू नये. गावात हा नाच एका विशिष्ट सणाला, एका विशिष्ट चौकात, गावातलीच मुलं नाचत. पाहणारे चारही बाजूंनी उभे असत. पॅरिसमध्ये प्रेक्षक एकाच बाजूला बसलेले, दिवे, पडदा, दोन तासांची मर्यादा. त्यामुळे बिस्काय, गिपुस्कोआ, नाफारोआ, सुबेरोआ या बास्क प्रांतांचे वेगवेगळे नाच एका संध्याकाळी एकापुढे एक आले. दोन देशांत वाटल्या गेलेल्या मुलखाचं सगळं सांस्कृतिक धन एका मंचावर मांडलेलं पाहायला मिळालं, ते परमुलखात. त्याआधी सान सेबास्तियानच्या साश्की-नाश्की या पथकाने असे प्रयोग केले होतेच. पण त्याला राष्ट्राचं रूप दिलं ते देश सोडाव्या लागलेल्या माणसांनी.

फ्रँकोच्या राज्यात या नाचांवर बंदी होती का?

सरसकट बंदी नव्हती, आणि म्हणूनच गोष्ट गुंतागुंतीची आहे. एउस्कारा शाळांतून आणि कचेऱ्यांतून हद्दपार झाली. इकुरिन्या हा बास्क झेंडा थेट १९७७ पर्यंत बेकायदा होता. नाचांना मात्र ‘स्पेनच्या प्रादेशिक लोककला’ म्हणून सरकारी पथकांत जागा दिली गेली. तेच पाऊल, तोच पोशाख, पण त्यामागचा माणूस आणि त्याचा झेंडा पुसलेला. सीमेपलीकडे बियारित्समध्ये आणि समुद्रापलीकडे कराकस, ब्वेनोस आयरेसच्या बास्क मंडळांत तोच नाच झेंड्यासकट चालू होता. ब्वेनोस आयरेसचं लाउराक बात हे मंडळ तर १८७७ पासूनचं. युद्धाने आलेल्या नव्या माणसांना तिथे तयार अंगण मिळालं.

एरेसोइंकाचं पुढे काय झालं?

फेब्रुवारी १९३९ मध्ये फ्रान्स आणि ब्रिटनने फ्रँकोचं सरकार मान्य केलं. सप्टेंबरात दुसरं महायुद्ध पेटलं. पैसा संपला, प्रवासाचे रस्ते बंद झाले आणि त्याच वर्षी पथक मोडलं. जेमतेम दोन वर्षांचं आयुष्य. कुणी अमेरिकेत गेलं, कुणी फ्रान्समध्ये राहिलं, कुणी जोखीम पत्करून परतलं. बास्क सरकार मात्र परदेशातून चालूच राहिलं. आगिरे १९६० मध्ये पॅरिसला वारले. त्यांच्यानंतरचे अध्यक्ष लेइसाओला डिसेंबर १९७९ मध्ये मायदेशी परतले.

या सगळ्याचा आपल्याकडच्या कशाशी संबंध आहे का?

एक खराखुरा धागा आहे, गोव्यातून जाणारा. जुन्या गोव्याच्या बाँ जेझू बासिलिकेत ज्यांचं पार्थिव आहे ते सेंट फ्रान्सिस झेवियर नाफारोआ प्रांतातल्या हाविएरचे, जन्म १५०६. त्यांची मायबोली बास्क मानली जाते. ३ डिसेंबरला जुन्या गोव्यात फेस्त भरतं. त्याच दिवशी जगभरचे बास्क आपला भाषादिन साजरा करतात, आणि तारीख झेवियर यांच्यावरूनच ठरली. हा दिवस १९४९ पासून, मायदेशात भाषा दडपली जात असताना, परदेशातल्या बास्क मंडळींच्या पुढाकाराने सुरू झाला. फेस्ताच्या गर्दीत उभ्या असलेल्या गोंयकाराला हे ठाऊक असलं तर मला आनंद होईल.

हे नाच प्रत्यक्ष पाहायचे तर कुठे आणि कधी जावं?

दांत्सारी दांत्सा गावातच पाहावा. दुरांगोजवळच्या बेरिसमध्ये २९ जूनला सेंट पीटरच्या सणाला, आणि इउरेतामध्ये २९ सप्टेंबरच्या सुमारास. बिल्बाओहून दुरांगोला लोकल गाडी जाते. गेर्निकाला शांतता संग्रहालय आहे, आणि चालत जाण्याच्या अंतरावर ते झाड. म्हणजे त्याच वंशातलं तरुण झाड, शेजारी जुन्या झाडाचं खोड जपून ठेवलं आहे. ब्रिटनमध्ये गेलेल्या मुलांच्या आठवणी, फोटो आणि कार्यक्रमपत्रिका गोळा करणारी संस्था २००२ पासून तिथे काम करते. सुबेरोआतली सोंगं हिवाळ्यात असतात. दरवर्षी एखादं गाव ती उचलतं आणि आठवड्यामागून आठवडे शेजारच्या गावांत घेऊन जातं, तेव्हा निघण्याआधी त्या वर्षीचं गाव कोणतं, याची चौकशी करावी.